पांढरा चेंडू

डेल,

तू येईपर्यंत थांबणार होते, पण आता माझ्याने होत नाही. मी मिल्वॉकीला परत चाललेय. शेजारची मार्जी बसलीय बाबांजवळ. फ्रिजमध्ये चीजचं सूप आहे, बाबांची गोळी त्यातच कुस्करून घाल, नुसती दिली की थुंकतात.

टॅबलेट कपाटावर ठेवलाय. बाबांच्या बारमधल्या मशीनवरचा गोल्फचा खेळ आता त्यावर मिळतो, म्हणून हौसेनं घेतला. तेच हिरवं मैदान, तोच आवाज. बाबा खुदकन हसले. मला वाटलं, आठवलं सगळं, आले परत!

मग ते टॅबलेटच्या पडद्याखाली तळवा चाचपडत फिरवायला लागले. मशीनला तो मोठा पांढरा चेंडू होता ना, ज्यावर हात घासून आपण भावंडं फटका मारायचो, तो शोधत होते. "बोटानं ओढा, बाबा," म्हटलं, तर माझ्यावरच डाफरले, "चेंडू चोरलास का गं?" आणि दारुड्यांना बखोट धरून बर्फात काढणारा तो माणूस ढसाढसा रडला.

शेवटी मी टॅबलेटखाली माझी मूठ धरली. ते तिच्यावर तळवा घासत राहिले, मी दुसऱ्या हातानं गुपचूप बोट ओढत राहिले. फार खूश झाले. डाव संपल्यावर मी उठायला लागले, तर बाबा माझा हात धरून म्हणाले, "बाई, मशीन बंद करू नका हं. आमची लोर्ना यायचीय खेळायला."

तुला जमलं तर मूठ धर.

लोर्ना