दर मंगळवारचे दोन नाश्ते

लोवेल,

बाबा गेल्यावर चर्चच्या बायकांनी ओव्हनमध्ये भाजून दिलेल्या हॉटडिशपैकी शेवटची फ्रीझरमध्ये आहे, गरम करून खा.

क्रेडिट कार्डाच्या वसुलीवाल्या बाईचा पुन्हा फोन येईल. ‘वडिलांच्या नावाखातर वीस डॉलर तरी भरा’ म्हणेल. काही कबूल करू नकोस. कार्ड एकट्या बाबांचं होतं, आपली कुठे सही नाही. त्यांच्या मागे जे राहिलंय, त्यातून वकील काय ते फेडेल. तू भिडस्त आहेस, म्हणून तुझं चेकबुक मी सोबत नेतेय. रागावू नकोस.

कार्डाची बिलं मात्र मी चाळली. आई गेल्यापासून दर मंगळवारी डुलुथच्या एकाच हॉटेलात दोन नाश्ते. मंगळवारी ते एकटेच मासे पकडायला जायचे ना? घरी कधी मासा आला नाही, आणि आपणही कधी विचारलं नाही.

काल तिथं फोन केला. बाबांचं नाव सांगताच वेट्रेस म्हणाली, “ऑर्विल आजारी आहेत का हो? त्यांच्या मैत्रीणबाई दोन महिने झाले, दर मंगळवारी एकट्याच येऊन बसतात. दोन कॉफ्या मागवतात, एक तशीच गार होते.”

आज मंगळवार आहे, मी तिकडेच निघालेय. त्या कोण, ते मला बघायचंय, आणि त्यांना कुणीतरी सांगायलाही हवं.

आजच्या दोन्ही नाश्त्यांचे पैसे मी देईन.

मार्ली