विहिरीतला एक दिवस

९ सप्टेंबर
सुमी लिहिते, मी सांगते. नात बारावीला हाय. माझा नुसता अंगठा. आज विहिरीच्या दाव्याची तारीख. जज्जसाहेब रजेवर. मागल्या खेपेला भाऊजींचा वकील आजारी. तो फक्त आमच्या तारखेला आजारी पडतो, एरवी तब्येत गुलाबी.
एकोणीस वर्षं. विहीर निम्मी आमची, पण मोटरीच्या खोलीला कुलूप भाऊजींचं. धाकटे दीर, सोसायटीचे चेअरमन. पाणी त्यांच्या उसाला, आमी टँकरमागं घागरी घेऊन.

२१ सप्टेंबर
वरच्या कोर्टाचा हुकूम: सहा महिन्यांत निकाल लावा. वकील पेढे मागतो. म्हटलं, निकालाचे देईन. हुकमाचे न्हाई.

६ ऑक्टोबर
दसरा झाला. नामदेवभाऊ आले. वाटणीला बसलेल्या पंचांपैकी एवढेच उरलेत. लेकाची टोळी ऊसतोडीला निघाली, म्हाताऱ्यानं फडाजवळच्या पाचटाच्या झोपडीत, कोपीवर, नाती सांभाळायच्या.
“वैनी, जाऊ का? साक्षीचं काय?”
हसले मी. “जावा खुशाल. इतक्या वर्षांत तुमचं नाव कुणी पुकारलं न्हाई. गुढीपाडव्याला या, तवा बी तारीखच असंल.”

२८ ऑक्टोबर
पुकारलं.
साहेबांनी विचारलं, साक्षीदार कुठाय? वकील म्हणाला, ऊसतोडीला. साहेब म्हणाले, वरून हुकूम हाय, मुदत न्हाई. तेरा तारखेला आणा, न्हाईतर त्याच्यावाचून निकाल. एकोणीस वर्षं झोपलेले आज उठले, ते माझ्याच छातीवर पाय देऊन. शिसारी आली. आणि जावा खुशाल म्हणणारी कोण, तर मीच.
बाहेर भाऊजींनी चहा पाठवला. पाणी सोडून सगळं देतो हा माणूस. घेतला न्हाई.

५ नोव्हेंबर
टोळीच्या मुकादमाला फोन लावला. तो म्हणतो, लेक-सून फडात, म्हातारा हलला तर पोरींना कोण बघंल? म्हटलं, मी येते. सुमीचा हात थांबला. लिही म्हटलं, कावून थांबलीस?

१२ नोव्हेंबर, कोपीवर
सुमी नि नामदेवभाऊ आता एसटीनं निघतील, म्हणून घाईत सांगते. माझी जबानी कवाच झाली, तरी एक तारीख चुकवली न्हाई. पायरीवर बसून लुगडी झिजली. उद्या इतक्या वर्षांनी तिथं काही होणार, तर मी इथं, मांडीवर दोन पोरी. धाकटीनं आत्ताच माझं लुगडं भिजवलं. निकाल लागलाच म्हणायचा.
नामदेवभाऊंना विचारलं, वाटणीत काय ठरलं, आठवतंय न्हवं?
“एक दिस मोटर त्यांची, एक दिस तुमची.” मग चाचपडले. “पण वैनी, पयला दिस कुणाचा, ते काय ध्यानात येईना. तेच इचारलं तर?”
म्हटलं, त्यांचाच सांगा. अजून मावळला न्हाई.