पिवळ्या फितीचा घोटाळा

हॉकली, ऑक्टोबर १९५१

तीर्थरूप एमॉसकाकांस विल्फचा नमस्कार.

हे तुमचं नेहमीचंच! आपल्या गावच्या पर्सीने इथून काहीतरी कळवायचं आणि तुम्ही मला एका शब्दाने न विचारता हुजूर पक्षात ढकलून मोकळं व्हायचं. "खाणकामगारांच्या घरात लॉर्ड निपजला" असं पोस्टकार्डावर लिहिता? आमच्या घरमालकिणीने ते नाश्त्याच्या टेबलावर मोठ्याने वाचून दाखवलं. (तुमचा गुडघा कसा आहे? आईचा खोकला?) आता नीट ऐका. निवडणुकीचा निकाल लागलाय, घाईत लिहितोय, अक्षराला हसू नका.

कारखान्यात माझ्या शेजारच्या यंत्रावर एनिड पार्जेटर काम करते. तिच्याबद्दल आईला कळवलंय (तुम्हाला कळवायचं राहिलं, रागावू नका). तिच्या बापाने मला चहाला बोलावलं. दाराशी पोचतो तर खिडकीत निवडणुकीची ही मोठी पिवळी फीत! आपल्या गिलबेकमध्ये पिवळा म्हणजे जमीनदारांचा, हुजुरांचा. तुम्ही तर अंड्यातलं पिवळंसुद्धा कुत्र्याला घालता. आता तत्त्व धरू की एनिड? काका, तुम्ही एनिडला पाहिलेलं नाही. मी एनिड धरली.

केक तोंडात जायच्या आत सुरू झालो. खाणी सरकारने घेतल्या हे वाईट झालं, कामगार माजलेत, लॉर्ड लोक आहेत म्हणून देश उभा आहे. (माफ करा, बोलताना जीभ झडत होती.) एनिड टेबलाखालून लाथा मारत होती, मला वाटलं, प्रेमाने. म्हातारा लाल होत होता. मला वाटलं, भरून आलंय. शेवटी त्याने माझी टोपी स्वतःच्या हाताने माझ्या डोक्यावर दाबून बसवली आणि म्हणाला, "पोरा, हा वॉर्ड मजूर पक्षासाठी मी सांभाळतो. चालू लाग." इथे पिवळा मजुरांचा, हुजूर निळे! देशभर रंग एकच ठेवायला यांच्या बापाचं काय जातं?

पण माझं भाषण उघड्या खिडकीतून शेजारच्या लव्हलेसबाईंनी ऐकलं. बाई कट्टर निळ्या. मतदानाच्या सकाळी माझ्या हातात आपल्या मोटारीची किल्ली ठेवून म्हणाल्या, "असा तरुण हवा! आपली माणसं केंद्रावर पोचव, बाळ." निळ्यांकडे गाड्यांची रांग, पिवळ्यांकडे कोळशाची एक व्हॅन. मी पुढे निळी फीत फडकवली आणि दिवसभर 'आपली' माणसं वाहिली, पार्जेटरच्या गल्लीतली! संधिवाताच्या म्हाताऱ्या मऊ गादीवर रेलून म्हणायच्या, "हुजुरांची गाडी, मजुरांना मत. जरा फेरी मारून ने रे, घाई काय आहे?" पार्जेटर केंद्राच्या दारात उभा. पहिल्या खेपेला माझी गाडी बघून थुंकला. दुसऱ्या खेपेला त्याने उतरणाऱ्यांची तोंडं पाहिली. पुढच्या खेपेला स्वतः दार उघडायला आला आणि म्हणाला, "मिल्ड्रेड, पाय जपून गं."

काका, आपला माणूस निसटत्या मताधिक्याने आला हो! (देशात हुजूर आले, ते जाऊ द्या.) टाऊन हॉलसमोर इतका ओरडलो की घसा बसलाय, नाहीतर फोनच केला असता (तुमच्याकडे फोन नाही हे आत्ता आठवलं). पण पार्जेटर म्हणतो, "चहाला लॉर्डांचा, मतदानाला मजुरांचा. तुझा खरा रंग कुठला?" पिवळे हुजूर असलेला मुलूख जगात आहे यावर त्याचा विश्वासच बसत नाही. घरचं कोणी येऊन समोरासमोर सांगेपर्यंत एनिडशी बोलायची बंदी.

तुमचाच, पक्का मजूर,
विल्फ

ता. क. म्हणून येत्या रविवारी तुम्हीच या. पत्र नको, पत्र काय, कोणीही लिहितं.

ता. क. दुसरा. कोटाला पिवळी फीत लावून या. ओरडू नका! त्याशिवाय म्हातारा दार उघडायचा नाही. गिलबेकच्या स्टेशनवर नको, गाडी डोंगरापलीकडे गेली की लावा. फीत सोबत आहे, एनिडने शिवलीय (बंदी बोलायची आहे, शिवायची नाही). परतीचं भाडं म्हातारा 'हो' म्हणाला की देईन. तूर्त एकेरी पाठवतोय, एक पौंड चौदा शिलिंग.