सतरा नंबरचं चित्र

सोमवार, ९ मार्च

मास्तर,

नमस्कार. तब्येत कशी आहे, झोप लागते का, हे सगळं विचारून झालं असं समजा. सात वर्षांत एक ओळ लिहिली नाही आणि आता अचानक पत्र, म्हणजे ही बया नक्की काहीतरी मागणार, असं म्हणाल. नाही हो, काही मागायचं नाही.

आपला कार्टूनचा स्टुडिओ आहे तसाच आहे. अजून एकेक चित्र कागदावरच काढतो. कोपऱ्यात नंबर नीट घातला नाही तर कॅमेरावाला अख्खा गठ्ठा अंगावर फेकतो. तुमचं खिडकीजवळचं टेबल मला दिलंय. उजेड छान येतो, पण तिथे बसवत नाही.

तुमच्या पावचोर कुत्र्याची फिल्म गेल्या आठवड्यात मुलांना पुन्हा दाखवली. पाव तोंडात धरून तो चवड्यांवर निघतो आणि मध्येच थबकून आपल्याकडे बघतो, कुणी पाहिलं तर नाही ना! पोरं हसून हसून खुर्चीवरून घसरली. मी बाहेर जाऊन रडले. कारण ती नजर तुमची नाही. घाईघाईत मी काढून दिलेली आहे. "बडबडीनं वाचवलं बुवा," असं तेव्हा सगळे म्हणाले होते.

आता सांगतेच. त्या नजरेचं, सतरा नंबरचं चित्र तुम्ही काढलं होतं. मी चोरलं.

आदल्या संध्याकाळी तुम्ही हात धुवायला गेलात तेव्हा गठ्ठ्यातून काढलं आणि पिशवीत सरकवलं. चोर एवढा घाबरलेला आणि तरी बघणाऱ्याला हसू फुटावं, हे मला कधी जमायचं नाही. वाटलं, घरी गिरवून बघू, सकाळी सगळ्यांच्या आधी परत ठेवू. कसलं काय! मी पोचले तेव्हा कॅमेरावाला सोळापर्यंत येऊन बोंबलत होता, "सतरा कुठंय?"

"काढलंय मी," तुम्ही म्हणालात. मोठे साहेब हसत म्हणाले, "मास्तर, वय झालं आता." तेव्हाच पिशवी उघडायला हवी होती. दिवसभर टकळी चालवणारी मी, माझी जीभच रेटेना. अर्ध्या तासानं तुम्हीच हळूच म्हणालात, "नसेल काढलं."

त्यानंतर तुम्ही प्रत्येक गठ्ठा तीन-तीनदा मोजायला लागलात. मोजून झाला की माझ्याकडे द्यायचात, "जरा बघ गं, बरोबर आहे ना?" आणि मी बघायचे! दोन महिन्यांत "आता भरवसा नाही माझा" म्हणून तुम्ही घरी बसलात. ते चित्र मी त्याच दिवशी घाबरून फाडून टाकलं, त्यामुळे परत द्यायलाही काही नाही.

परवा तुमची लेक भाजी घेताना भेटली. म्हणाली, नात कुत्रा काढून मागते, पण बाबा पेन्सिलला हात लावत नाहीत. म्हणतात, "माझं मधलंच काहीतरी राहून जातं गं."

मास्तर, काहीही राहिलं नव्हतं हो. एकसुद्धा नाही. तुमचं डोकं ठणठणीत होतं. मला वाट्टेल तेवढ्या शिव्या घाला, तोंड बघू नका, पण पोरीला कुत्रा काढून द्या.

लेक आणखी एक बोलली, म्हणून पत्राला बसले, नाहीतर अजूनही गप्पच राहिले असते. म्हणाली, "बाबा अजून तुझं नाव काढतात. म्हणतात, त्या दिवशी सगळे हसत होते, एकटी बडबडीच माझ्याबरोबर टेबलाखाली गुडघ्यांवर बसून शोधत होती."

होते मास्तर. पिशवी खांद्यालाच होती.

'तुमची' असं लिहायला हात धजत नाही.

बडबडी