मधला खांब

६ एप्रिल, दोंडाईचा
आलो एकदाचा! मिरचीच्या गोदामात हिशेबनिसाची नोकरी, आणि राहायला बन्सीलाल नानांच्या धाब्याच्या घरातली पुढची खोली. सागाचे खांब, वर लाकडी तुळया, त्यांवर फळ्या आणि मातीचं धाबं. बाहेर ऊन भाजून काढतंय, आत मात्र गारेगार. मागच्या खोलीत नाना आणि बेबाबाई अक्का राहतात. एकच लांब तुळई दोन्ही खोल्यांवरून जाते. मी जळगावचा म्हटल्यावर अक्कांनी पहिलं काय विचारलं, तर भरीत करता येतं का! माझ्या खोलीच्या मधोमध बाभळीचा एक ओबडधोबड खांब आहे, मागाहून लावलेला. नानांनी बजावलं, "त्याले हात नका लावा भाऊ. तो शे म्हनीसन घर शे." तो आहे म्हणून घर आहे म्हणे! मी मान डोलावली.

१२ एप्रिल
या खांबाने वैताग आणलाय. आखाजी, म्हणजे इकडची अक्षय्य तृतीया, झाली की पुनम येणार. लग्नानंतर पहिल्यांदाच आमचं बिऱ्हाड लागणार आणि पलंगच बसत नाही. नाना-अक्का पिंपळनेरला लग्नाला गेलेत. बुडाची पाचर ठोकून काढली, तर खांब सहज निघाला. छत पडलं का? काही नाही पडलं! पलंग कसा ऐसपैस बसला. खांब त्याच्याखाली सरकवून दिला. नाना भाडेकरूच्या खोलीत पाय ठेवत नाहीत, त्यामुळे त्यांना कळायचं कारण नाही.

१७ एप्रिल
नानांनी आज धाब्यावर नवी खारी माती टाकून घेतली. पावसाळ्याआधी दर वर्षी टाकतात. जुनी काढता ना, असं विचारलं, तर म्हणाले, ती कशाला काढायची, तिच्यामुळेच तर घर गळत नाही. म्हणजे त्यांच्या आजोबांनी टाकलेली मातीही अजून वरच आहे. आणि त्या सगळ्या ओझ्याखालचा खांब माझ्या पलंगाखाली पडलाय. संध्याकाळी माझं दार लागेना. चौकट तिरकी झाली आहे.

२० एप्रिल
अंथरुणावर माती पडली होती. मुकाट्याने खांब परत लावायला घेतला, तर बोटभर उंच. लाकूड काही वाढत नाही, म्हणजे तुळई खाली आली. करवतीने तेवढा कापला, उभा केला. पुन्हा बोटभर उंच. मापात चुकलो असेन. पण मी कधी मापात चुकत नाही.
कबूल करायचं म्हणून मागच्या खोलीत गेलो. अक्कांनी आमरसाची वाटी पुढे केली, "बठ्ठं बरं शे ना भाऊ?" मी म्हणालो, हो, सगळं छान. माझी मलाच लाज वाटते. इतक्या चांगल्या माणसांच्या डोक्यावरचं छत मी सैल करून ठेवलंय आणि वर त्यांचाच रस पिऊन आलो.

२५ एप्रिल
रोज कापतो. रोज उंच. तुकड्यांचा ढीग झालाय. खरंच तेवढी तुळई खाली आली असती, तर माझ्या डोक्याला लागली असती.
आज लागली.
मागच्या खोलीत जाऊन पाहिलं. तिथे तीच तुळई जागच्या जागी, सरळ. एकच तुळई — इकडे खाली, तिकडे वर — कशी?

२९ एप्रिल
नानांची लेक मोहिनी माहेरी आली. लग्नानंतरची तिची पहिली आखाजी. नाना झोका बांधताहेत. त्याच तुळईला. मी म्हटलं, दोर जुना दिसतो, राहू द्या. नाना हसले आणि बाजारातून नवा दोर घेऊन आले. खरं कारण तोंडातून निघेना. त्यांना काय वाटेल, याचीच भीती. भित्रा आहे मी, दुसरं काही नाही.
दार पुरतं अडकलंय. खिडकीतून ये-जा करतो.
उद्या सकाळी सांगणार. नक्की.

३० एप्रिल, आखाजी
नाही सांगितलं.
झोका सुरू झाला. मोहिनी गातेय. प्रत्येक हेलकाव्याला तुळई —
दाराच्या चौकटीवर टेकली. आता सगळा भार दारावर. दार हललं तर —
घाईत खांब जास्त कापला. तोकडा पडला. तुळई खांद्यावर घेतलीय. डायरी भिंतीला टेकवून — पुनमला कुणीतरी —
ओरडलो. सगळं सांगितलं. खांब मी काढला, नाना, माझी चूक, बाहेर पळा सगळे —
गाणं थांबलं.
पण ते बाहेर नाही गेले. इकडे येताहेत. मला काढायला! "घाबरू नका भाऊ, आम्ही उनूत —" अक्काही. मोहिनीही. तिघं दाराशी —
नाना नको, दार ढकलू नका, तेच आता