सार्जंटची दाढ आणि पुढची सीट

प्रिय मर्लताई,

तुला आणि तुझ्या दोन्ही नव्या गुडघ्यांना नमस्कार. आम्ही इकडे ठीक. पाऊस नाही, माश्या मुबलक. माझ्या कानावरच्या डागाबद्दल तू पत्रात दोन ठिकाणी विचारलं आहेस. त्या विषयावर येतोच, पण आधी आमच्या कुत्र्याचं ऐक, कारण सध्या घरात आजारी माणसाचा मान सार्जंटलाच आहे.

त्याची दाढ किडली. (आठशे किलोच्या बैलाच्या टाचेला चावणारा हा गडी नोरीनच्या केकपुढे हरला, असं माझं मत आहे. माझ्या बायकोला सांगू नकोस.) ती काढायलाच हवी होती, नाहीतर पू जबड्यात उतरला असता. पण दवाखान्याला निघालो की साहेब पाण्याच्या टाकीखाली शिरत. जनावरांच्या नव्या डॉक्टरीणबाई, आडनाव फाम, यांनी मला भीती घालवण्याचे अकरा धडे लिहून दिले. मंद संगीत लावा, लव्हेंडर शिंपडा, स्वतः दीर्घ श्वास घ्या! दोन आठवडे मी ट्रॅक्टरच्या शेडमध्ये बासरी ऐकत श्वास घेत होतो. शेजारचा बार्नी कुंपणावर रेलून म्हणाला, "काय रे क्लाइव्ह, कितवा महिना?" गावभर झालं. सार्जंट टाकीखालीच.

शेवटी बाईंनी विचारलं, "एरवी गाडीत कुठे बसवता याला?"

"मागे, सामानाच्या उघड्या हौद्यात. कुत्रा आहे तो."

"आणि इथे आणताना?"

"पुढे, माझ्याशेजारी. मागून उडी मारून पळतो ना!"

बाई माझ्याकडे अशा पाहत राहिल्या, जणू दाढ माझीच काढायची आहे. म्हणजे सात वर्षं मी त्या मुक्या जिवाला शिकवत होतो की पुढची सीट मिळाली, आता सुई टोचणार. (नोरीनच्या हे पहिल्या वर्षीच लक्षात आलं होतं म्हणे. मग बोलली का नाही? तर मी विचारलं नाही म्हणून.)

तेव्हापासून महाराज पोस्टात, धान्याच्या कोठारावर, चर्चला, सगळीकडे पुढे बसून जातात. खिडकी त्यांची, नोरीन मधे, गिअरला गुडघे टेकवून. रोज दवाखान्याच्या दारात जायचं, सॉसेजचा तुकडा खायचा, काही न करता परत यायचं. तिसऱ्या आठवड्यात पठ्ठ्या आपणहून आत गेला आणि वजनकाट्यावर जाऊन बसला. दाढ निघाली. घाबरटपणावर इलाज असतो, फक्त मालकाला अक्कल हवी.

कानाचं म्हणशील तर दाखवून आलो. काही नाही म्हणाले. नोरीनलाही तसंच सांगितलं आहे.

तुझा धाकटा,
क्लाइव्ह

ता. क. दाखवलेला नाही. डाग मटाराएवढा झाला आहे आणि उशीला रक्त लागतं. मी नोरीनला दाढी करताना कापलं म्हणून सांगतो. मला भीती वाटते गं, ताई.

ता. क. आणखी एक. मंगळवारी दहाची वेळ घेतली आहे. ॲडलेडहून यायला चार तास लागतात हे माहीत आहे, तरी ये, आणि गाडी तू चालव. मी चालवली की ती डॉक्टरांच्या दारावरून सरळ पुढे जाते. या महिन्यात तीनदा गेली.