छाटलेली बाग

अण्णा, काल आपल्या जमिनीचा निकाल लागला. तुम्हाला जाऊन किती वर्षं झाली, तरी कोर्टात पुकारा व्हायचा तो आधी तुमच्याच नावाचा. ते कानावर पडलं की आई बाकावर पदर सावरून ताठ बसायची. कालही बसली.

तो एप्रिल आठवतो. गंगापूर रोडच्या कडेची आपली द्राक्षबाग सरकारी वसाहतीसाठी जाणार हे ठरलेलं. मोबदला ठरवायला साहेब पाहणीला येतोय असा निरोप आलेला, आणि तुम्ही सकाळीच कात्री घेऊन मांडवाखाली. मी मागे धावतेय. "अण्णा, आठ दिवस थांबा ना! साहेबाला हिरवी बाग दिसू द्या."

तुम्ही वर न बघता म्हणता, "साहेब आज हाय, उद्या नाय. छाटणी टळली तर वेलाचं साल वाया जातं."

"अहो, पण बागच चाललीय आपली!"

"जाईल तवा जाईल. तवर माझी हाय."

असला हट्टी माणूस मी दुसरा पाहिला नाही. साहेब आला तेव्हा मांडवावर औषधाला पान नव्हतं, नुसत्या काड्या. बुटाला माती लागू नये म्हणून तो बांधावरच उभा राहिला आणि कारकुनाला म्हणाला, "लिहा, जिराईत. झाडं वाळकी." तुम्ही हसलात. तुम्हाला वाटलं, साहेब चेष्टा करतोय. भरल्या बागेला कोरडवाहू माळाचा भाव मिळाला तेव्हा ती चेष्टा आपल्याला कळली.

हरकत नोंदवून पैसे घेतलेत, कोर्टात वाढीव मोबदल्याचा दावा लावलात आणि पुढच्याच वर्षी गेलात. दावा माझ्या गळ्यात. भाऊबंद म्हणाले, सोडून दे, शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये. मी म्हटलं, मी शहाणी नाहीच मुळी, त्यांची लेक आहे. पैसे नको होते असं नाही, हवेच होते. पण अंगात ताप असताना बागेला पाणी देणारा माणूस कागदावर वाळकी झाडं सांभाळणारा ठरावा, याचा मला भयंकर संताप यायचा. किती तारखा पडल्या, किती वेळा द्वारका चौकात बस बदलून कोर्टात गेले, आणि न्यायाधीश रजेवर म्हणून परत आले. एकदाही सोडावंसं वाटलं नाही.

माझ्या साक्षीच्या दिवशी आपले वकील हळूच म्हणाले, "ताई, पानांचं विचारलं तर आठवत नाही म्हणा." सरकारी वकिलांनी पहिलं तेच विचारलं. "पाहणीच्या दिवशी बागेला एकही पान नव्हतं, खरं ना?"

"खरं," मी म्हटलं. "वडिलांनी छाटली होती." आपल्या वकिलांनी कपाळाला हात लावला.

"म्हणजे बाग वाळलेलीच होती!"

"अहो साहेब, वाळलेल्या वेलाला कात्री कोण लावतं?"

मागे कुणीतरी हसलं. न्यायाधीशांनी मला तेच पुन्हा सांगायला लावलं आणि लिहून घेतलं. काल निकालात बाग बागायती ठरली. सरकार वर, हायकोर्टात जाणार म्हणे. जाऊ दे. मीही जाईन. आईनं तर आत्ताच विचारलंय, "तिथं बसायला बाकं हायत का?"

तरी तुमच्यावरचा राग गेलेला नाही, अण्णा. आठ दिवस थांबला असतात तर आईचं म्हातारपण कोर्टाच्या बाकावर गेलं नसतं. हे तोंडावर सांगायचं राहून गेलं म्हणून लिहितेय. पाठवणार कुठं? कात्रीच्या डब्यात ठेवून देते.

फक्त एक कबूल करते. त्या छाटणीतली एक काडी मी लावली होती, तिचा वेल आता आमच्या गच्चीवर पसरलाय. या एप्रिलात ह्यांचे साहेब दुपारी जेवायला यायचे होते. हे म्हणाले, "हिरव्या मांडवाखाली पंगत बसू दे, मग चार दिवसांनी छाट." मी सकाळीच कात्री घेतली. साहेब उन्हात जेवले.